शनिवारची बैठक

(सहाय्यकांच्या वार्षिक मेळाव्यात आमच्या डोंगरपट्ट्यातील सेविकेने केलेल्या भाषणाचा मजकूर. कुटुंबांची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.)



मागच्या वर्षी याच सभागृहात हिशोब वाचून झाल्यावर मागच्या रांगेतल्या एका वडीलधाऱ्या गृहस्थांनी उभं राहून मला एक प्रश्न विचारला होता. ते म्हणाले, "ताई, तुमच्या हिशोबात 'कार्यकर्त्यांचे प्रशिक्षण व मार्गदर्शन' म्हणून एक रक्कम आहे. म्हणजे दर शनिवारी तुमचे सातही कार्यकर्ते पाड्यांवर न जाता ऑफिसात तीन तास बसून बोलतात. त्या पैशात किती पोती तांदूळ आला असता?" काहीजण हसले, मीही हसले आणि काहीतरी गुळमुळीत उत्तर देऊन खाली बसले. घरी परत जाताना एसटीत मला स्वतःचाच राग आला. प्रश्न चांगला होता. जो माणूस आपल्या पेन्शनमधून पैसे काढून देतो, त्याला तो विचारायचा पूर्ण हक्क आहे. ते आजही इथे बसले आहेत, मी येताना पाहिलं. तर काका, आज एक वर्ष उशिरा उत्तर देते.

उत्तराची सुरुवात माझ्या एका चुकीपासून करावी लागेल.

मी या कामाला आले त्याला आता बावीस वर्षं झाली. तेव्हा माझ्याकडे बी.ए.ची पदवी होती, चालायला मजबूत पाय होते आणि गरिबांसाठी काहीतरी करायचं अशी मनापासून इच्छा होती. एवढं पुरेसं आहे असं मला वाटायचं. मला कामावर घेणाऱ्यांनाही तसंच वाटायचं. पहिल्याच पावसाळ्यात एका पाड्यावरच्या तरुण बाईने मला विश्वासात घेऊन सांगितलं की तिला टीबी आहे. सासरी कुणालाच ठाऊक नव्हतं. पाणी आणायला जाते असं सांगून ती ठरलेल्या दिवशी उपकेंद्रात जायची, तिथल्या बाईंसमोर गोळ्या घ्यायची आणि हंडा भरून परत यायची. दोन महिने तिने हे नीट निभावलं होतं. खोकला थांबला होता, अंगावर थोडं मांस चढलं होतं. अजून चार महिने राहिले होते.

मी त्या महिन्यात शहरात आले होते. उपासनेनंतर प्रार्थनेच्या विनंत्या मागितल्या गेल्या. मी उभी राहिले आणि मोठ्या कळकळीने तिच्यासाठी प्रार्थना मागितली. तिचं नाव घेतलं. पाड्याचंही नाव घेतलं. बायकांच्या डोळ्यांत पाणी आलं. मला वाटलं, मी फार चांगलं काम केलं.

त्या दिवशी बसलेल्यांपैकी एकांच्या नात्यात वीटभट्टी होती आणि त्या पाड्यावरची घरं दिवाळीनंतर त्याच भट्टीवर जायची. कुणाच्या मनात काही वाईट नव्हतं, हे मी मुद्दाम सांगते. भट्टीवरच्या मुकादमाने तिच्या नवऱ्याला आपुलकीनेच विचारलं, "बायकोचा टीबी आता कसा आहे?" आठवड्याभरात तिला माहेरी पोचवून आले. माहेर दुसऱ्या तालुक्यात. उपचाराचं कार्ड इथेच राहिलं, गोळ्या बंद पडल्या. टीबीच्या गोळ्या मध्येच सोडल्या की रोग नुसता परत येत नाही, त्याच औषधांना दाद न देणारा होऊन परत येऊ शकतो. हे मला तेव्हा नीट माहीतही नव्हतं. मी तिला शोधून काढलं तेव्हा चार महिने गेले होते. ती खाटेवर पडून होती. तालुक्याच्या दवाखान्यात नेलं, पुन्हा पहिल्यापासून उपचार सुरू झाले, ती जगली. पण सासरी तिला परत नेलं नाही आणि ती माझ्याशी कधीही बोलली नाही. बाजारात समोर आली तर रस्ता ओलांडून जाते. आजही जाते.

हे मी इतकी वर्षं या व्यासपीठावरून सांगितलं नव्हतं. आज सांगते, कारण माझ्या प्रेमात काही कमी नव्हतं. कमी होतं ते कसब. सुताराच्या मुलाला रंधा कसा धरायचा ते कुणीतरी शिकवतं. नर्सला सुई कुठे टोचायची ते शिकवतात, आणि शिकल्याशिवाय आपण तिला आपल्या दंडाला हात लावू देत नाही. मग दुसऱ्याच्या घरातल्या सगळ्यात नाजूक गोष्टीत हात घालणाऱ्याला मात्र काही शिकायची गरज नाही, असं आपण का धरून चालतो?

पुढे एकतिसाव्या वर्षी मी समाजकार्याच्या कॉलेजात गेले. माझ्या वर्गातल्या मुली माझ्यापेक्षा आठ-नऊ वर्षांनी लहान. तिथे आम्हाला घरभेटीची नोंद लिहायला लावत. समोरचं माणूस काय बोललं, आपण काय बोललो, त्या क्षणी आपल्या मनात काय आलं, सगळं. माझ्या पहिल्या नोंदीवर बाईंनी लाल पेनाने माझी वाक्यं मोजली आणि त्या बाईची वाक्यं मोजली. चाळीस मिनिटांच्या भेटीत तिने अकरा वाक्यं बोलली होती. बाकी सगळी माझी. मी तिचं ऐकायला गेले होते!

तिथेच मला एक गोष्ट समजली, ती आपल्या मंडळीला ठाऊक असावी असं वाटतं. आपल्या देशात समाजकार्याचं पद्धतशीर शिक्षण सुरू झालं ते 1936 साली मुंबईत, सर दोराबजी टाटा यांच्या नावाने काढलेल्या शाळेत. आज तिला आपण टाटा समाजविज्ञान संस्था म्हणतो. तिचे पहिले संचालक क्लिफर्ड मॅनशार्ट. ते अमेरिकन मराठी मिशनचे माणूस. 1920च्या दशकात ते मुंबईत आले आणि नागपाड्याच्या दाटीच्या वस्तीत नागपाडा नेबरहूड हाऊस हे केंद्र चालवू लागले. वस्तीत काम करता करताच त्यांच्या लक्षात आलं की नुसत्या सदिच्छेवर हे काम चालणार नाही, माणसं तयार करायला हवीत. ती शाळा सुरू झाली तीही नागपाड्याच्या त्या केंद्रातच. म्हणजे 'शिकून सेवा करा' हे काही सरकारने किंवा परदेशी फंडवाल्यांनी आपल्यावर लादलेलं खूळ नव्हे. आपल्याच अंगणातून निघालेली गोष्ट आहे ती. आपण मध्येच विसरलो एवढंच.

आमच्या अभ्यासात फेलिक्स बिस्टेक नावाच्या लेखकाची तत्त्वं होती. हेही एक धर्मगुरू, जेझुइट. 1957 साली त्यांनी कार्यकर्ता आणि मदत मागणारा माणूस यांच्या नात्यावर एक पुस्तक लिहिलं आणि त्यात सात तत्त्वं मांडली. सातही सांगत बसत नाही, जेवायची वेळ होईल. त्यातलं एक होतं गोपनीयता. ते शिकवलं त्या दिवशी मी वर्गातून उठून बाहेर गेले.

दुसरं एक होतं, आपल्या आयुष्याचा निर्णय ज्याचा त्याने घ्यायचा. ऐकायला सोपं वाटतं. करून बघा. आमच्या भागात दिवाळी झाली की घरंच्या घरं उचल घेऊन वीटभट्टीवर जातात. भात निघालेलं असतं, पुढे रानात काम नसतं. मुलं बरोबर जातात आणि शाळा सुटते. सरकारची हंगामी वसतिगृहांची योजना आहे, आजी किंवा काका गावात राहणार असतील तर मूल त्यांच्याकडेही राहू शकतं. आमची एक कार्यकर्ती एका घरी पाच वेळा गेली. घरात पाचवीतली हुशार मुलगी. हिने तिच्या आईला सगळं समजावलं, शिक्षणाचं महत्त्व सांगितलं, थोडं रागावलीसुद्धा. आई प्रत्येक वेळी मान हलवायची आणि म्हणायची, "ठेवते ताई." सहाव्या दिवशी टेम्पो आला आणि मुलगी त्यात बसली होती.

शनिवारी ती कार्यकर्ती बैठकीत चिडून म्हणाली, "या लोकांना मुलांचं काही पडलेलंच नाही." कुणी तिला उपदेश केला नाही. फक्त विचारलं, "आईने स्वतःहून काय काय सांगितलं?" तिने वही काढली. वहीत आईचं एकच वाक्य होतं: ठेवते ताई.

पुढच्या वर्षी ती भात झोडपायच्या वेळेला गेली, खळ्यावर बसली आणि शाळेचा विषयच काढला नाही. भट्टीवर दिवस कसा जातो एवढंच विचारलं. तेव्हा आई बोलली. पहाटे तीनला उठून नवरा-बायको विटा पाडायला लागतात, आठ महिन्यांचं तान्हं झोपडीत असतं, त्याला कोण बघणार? मुलगी शाळा सोडून जात होती ती तान्ह्यासाठी. आजी गावात मागे राहायची, पण ती शेळ्यांसाठी. कार्यकर्तीने विचारलं, "मग काय करता येईल?" आणि गप्प बसली. गप्प बसणं हे या कामातलं सगळ्यात अवघड कसब आहे, काका, तीन तास त्यातच जातात कधी कधी. थोड्या वेळाने त्या माउलीनेच तोड काढली. शेळ्या शेजारच्या घरात वाट्याने दिल्या, म्हणजे होणारी पिल्लं निम्मी-निम्मी, आजी तान्ह्याबरोबर भट्टीवर गेली आणि मुलगी मामीकडे राहून शाळेत गेली. यात आपल्या संस्थेचा एक रुपयाही खर्च झाला नाही. झाला तो शनिवारच्या बैठकीवर.

आता गुप्तता म्हणजे सगळंच पोटात ठेवायचं असंही नाही. लहान मुलावर लैंगिक अत्याचार झाल्याचं कळलं तर 2012च्या कायद्याप्रमाणे ते पोलिसांना कळवावंच लागतं, तिथे गावाची अब्रू किंवा पंचांचा समेट चालत नाही. आमच्या मुली घरात बसताना हे आधीच सांगून ठेवतात, "तुमचं बोलणं बाहेर जाणार नाही, पण मुलाच्या जिवावर बेतणारं काही असेल तर मला गप्प राहता येणार नाही." हे वाक्य न अडखळता, न घाबरवता म्हणायला आम्ही दोन शनिवार सराव केला. एकीने आई व्हायचं, एकीने कार्यकर्ती. पहिल्या दिवशी सगळ्या हसत सुटल्या. दुसऱ्या दिवशी कुणी हसलं नाही.

बैठकीत आणखी काय होतं ते सांगते. दहाला सुरू होते. प्रत्येकीची वही असते. एकीने एकाच घराची गोष्ट नीट मांडायची, बाकीच्यांनी विचारायचं. मग सरकारी कागद. वनहक्काचा दावा फेटाळला तर कारण लेखी मिळालं पाहिजे आणि साठ दिवसांत वर दाद मागता येते, हे कार्यकर्तीला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता आलं पाहिजे. पण तेवढ्याने भागत नाही. पूर्वी आमची माणसं स्वतःच फायली काखेत मारून प्रांत ऑफिसात जायची. साहेब आमच्याशी बोलायचे, जमीन ज्याची तो म्हातारा बाहेर व्हरांड्यात उकिडवा बसलेला. काम व्हायचं, फोटो निघायचा. कार्यकर्ता नोकरी सोडून गेला की त्या पाड्यावरचं सगळं ठप्प. आता नियम असा, की दावेदार खुर्चीत बसणार आणि कार्यकर्ती त्याच्या मागे. तो अडखळला तर तिने आठवण करून द्यायची, त्याच्या ऐवजी बोलायचं नाही. यात वेळ दुप्पट लागतो. पण मागच्या खेपेला एका दावेदाराने साहेबांना स्वतः विचारलं, "ग्रामसभेने मंजूर केलं होतं, मग तुम्ही कशावरून नाकारलं ते लिहून द्या." कार्यकर्ती मागे उभी होती. ती म्हणते, तिच्या अंगावर काटा आला.

आणि शेवटचा अर्धा तास कामाचं बोलायचं नसतं, स्वतःचं बोलायचं. मागच्या श्रावणात एका कार्यकर्तीच्या पाड्यावर सोळा दिवसांचं बाळ गेलं. रात्रभर पाऊस, ओढ्याला पाणी, गाडी पलीकडेच थांबली. ती बाळाला कुशीत घेऊन ओढ्याकाठी बसून होती. सोमवारी तिला पुन्हा त्याच पाड्यावर, त्याच आईसमोर जायचं होतं. बाहेरून शूर दिसणारी ही मुलगी शनिवारी तासभर नुसती रडली. तिच्या वाट्याचं काम दोघींनी वाटून घेतलं, आणि त्या आईकडे पहिल्यांदा जाताना एक मैत्रीण तिच्याबरोबर गेली. ती आजही कामावर आहे. माझ्या पहिल्या पाच वर्षांत माझ्याबरोबरचे चारजण काम सोडून गेले. त्यांना कुणी विचारलंच नव्हतं.

आता पुढारीपणाबद्दल थोडं. खरं तर संयोजकांनी मला याच विषयावर बोलायला सांगितलं होतं. आपल्याला जामखेड माहीत आहे. 1970 साली डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे तिथे गेले. सुरुवातीला त्यांनी शिकलेल्या नर्सेस गावोगाव ठेवून पाहिल्या, ते जमलं नाही. मग गावातल्याच बायका निवडल्या, कितीतरी निरक्षर, कितीतरी दलित. त्या दर आठवड्याला जामखेडला येऊन शिकायच्या आणि परत जाऊन गावाचं आरोग्य सांभाळायच्या. लोक आरोळे दांपत्याच्या त्यागाबद्दल बोलतात, ते खरंच आहे. मला मात्र त्या दर आठवड्याच्या शिकण्याचं जास्त वाटतं. वर्षानुवर्षं, न कंटाळता. एकदा शिबिर घेतलं, प्रमाणपत्र वाटलं आणि सोडून दिलं, असं नाही.

आमच्या सातपैकी पाच मुली आता पाड्यांवरच्याच आहेत. त्यातली एक आश्रमशाळेत शिकली, बारावी झाली, आमच्याकडे लागली आणि मग समाजकार्याची पदवी घेऊन आली. गेल्या जूनपासून शनिवारची बैठक ती चालवते. मी चालवत नाही. हे म्हणायला मला जितका वेळ लागला त्यापेक्षा करायला कितीतरी जास्त लागला. पहिल्या महिन्यात तिला विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाचं उत्तर माझ्याच तोंडून निघायचं. एका शनिवारी तिने बैठकीनंतर मला बाजूला घेतलं आणि म्हणाली, "बाई, तुम्ही मंगळवारी माझ्या एका कार्यकर्तीच्या घरांना भेट दिलीत, तिला न सांगता. आता त्या घरातले तिला विचारतात, मोठ्या बाई का आल्या, तुझं काही चुकलं का?" मी तोंड उघडलं आणि परत मिटलं. तिचं बरोबर होतं. आता मी कुठे जायचं ते तिला आधी विचारते. आणि एक गोष्ट उघडच आहे: वारली बायका तिच्याशी ज्या बोलीत बोलतात, ती मला बावीस वर्षांनंतरही अर्धीच येते. म्हाताऱ्या तिला जे सांगतात ते मला कधीच कळलं नसतं.

याचा आपल्याशी संबंध काय? दोन गोष्टी मागायच्या आहेत.

पहिली. आपल्या या त्रैमासिकात अलीकडे मुलांचे जवळून घेतलेले फोटो आणि नावानिशी दुःखाच्या गोष्टी कमी झाल्या आहेत. काही भगिनींनी प्रेमाने कळवलं की पूर्वीचा अंक वाचताना रडू यायचं, आता तसं येत नाही. ते खरं आहे. ज्या बाईने मला टीबीचं सांगितलं तिच्या चेहऱ्याचा फोटो मी त्या वर्षी इथे दाखवलाही असता, कुणी मागितला असता तर. कृपा करून मागू नका. प्रार्थना जरूर करा, नाव न घेताही ती ऐकली जाते असा माझा विश्वास आहे.

दुसरी. देणगी देताना आपण एका वर्षाचा तांदूळ, एका वर्षाच्या वह्या असं देता. आम्ही कृतज्ञ आहोत, दुष्काळी महिन्यात तांदूळच लागतो. पण कार्यकर्तीचा पगार तीन वर्षांसाठी नक्की झाला तर ती लग्न ठरलं, घर बांधायला काढलं तरी काम सोडत नाही. एक कार्यकर्ती नीट तयार व्हायला दोन पावसाळे जातात. तिसऱ्या वर्षी ती गेली, तर पुन्हा पहिल्यापासून. चांगल्या शोमरोन्याची गोष्ट आपण सगळे सांगतो. जखमांवर तेल ओतलं, स्वतःच्या जनावरावर बसवलं, हे आपल्या लक्षात राहतं. त्याने जखमी माणसाला उतारशाळेत नेलं, सांभाळणाऱ्याला दोन दिनार आगाऊ दिले आणि जास्त खर्च आला तर परत येताना देईन असं सांगितलं, हे आपण भरभर वाचतो. मला तर तिथे एक हिशोबाची वही दिसते आणि त्यात 'सांभाळणाऱ्याचा खर्च' असा एक रकाना.

काका, आपल्या प्रश्नाचं उत्तर बोलून पटेलच असं नाही, म्हणून आमंत्रण देते. पुढच्या महिन्यात कुठल्याही शनिवारी या. सकाळची पहिली एसटी पकडलीत तर दहाच्या आत पोचाल. मागच्या बाकावर माझ्याशेजारी बसा, तिथे मीच असते आता. त्या दिवशी आमच्या मुली कुणाचंही नाव घेणार नाहीत, पाड्याचंही नाही, 'पहिलं घर', 'दुसरं घर' असंच म्हणतील. चहा मिळेल. कोरा, गुळाचा. दूध तिकडे वेळेवर येत नाही.